खान्देशच्या हसण्याला लेखकाची खुर्ची द्या
(दूरदर्शन सह्याद्री वाहिनीच्या कार्यक्रमप्रमुखांना खुले पत्र)

मा. कार्यक्रमप्रमुख,
दूरदर्शन सह्याद्री, वरळी, मुंबई



१५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत भारतातलं दूरचित्रवाणीचं प्रक्षेपण सुरू झालं. त्या नव्या माध्यमासाठी कार्यक्रम उभे करायला निर्माता म्हणून ज्यांना नेमलं गेलं ते मराठी विनोदी लेखक होते: पु. ल. देशपांडे. त्याआधी ते आकाशवाणीत होते आणि लंडनला बीबीसीत प्रशिक्षण घेऊन आले होते. 'तुझे आहे तुजपाशी' रंगभूमीवर गाजलं होतं, 'बटाट्याची चाळ' पुस्तकरूपानं घराघरांत पोचली होती. पंडित नेहरूंची दूरचित्रवाणीवरची पहिली मुलाखत पुलंनीच घेतली. प्रक्षेपण दिल्ली आणि आसपासच्या टापूपुरतं, तेही आठवड्यातून मोजक्याच वेळा, आणि संच बोटांवर मोजण्याइतके. तरीही सरकारला या कामासाठी माणूस हवा होता तेव्हा हसवणारा लेखक चालला, नव्हे, तोच योग्य वाटला, ही गोष्ट आपल्या खात्याच्या इतिहासात ठळक अक्षरांत लिहिलेली असायला हवी.

हे पत्र पहूरहून येत आहे. जळगावहून अजिंठ्याला जाणारा प्रत्येक प्रवासी या गावावरून जातो. पेठ आणि कसबे अशा दोन ग्रामपंचायतींचं, वाघूर नदीकाठचं, जामनेर तालुक्यातलं हे गाव. पत्राचा विषय मात्र गावापुरता नाही. दूरचित्रवाणीवर विनोद लिहिणाऱ्याची आणि त्याची निर्मिती करणाऱ्याची कारकीर्द कशी घडते, आणि ती खान्देशात का घडत नाही, याविषयी आपल्याशी बोलायचं आहे. मागणीही स्पष्ट आहे: खान्देशातल्या माणसांनी लिहिलेली आणि खान्देशातल्या माणसांच्या हाती निर्मितीची सूत्रं असलेली विनोदी मालिका सह्याद्रीनं करावी.

पुलं दिल्लीत फार काळ रमले नाहीत. महाराष्ट्रात परतल्यावर १९६१ पासून त्यांनी 'बटाट्याची चाळ'चे एकपात्री प्रयोग केले, पुढच्याच वर्षी 'वाऱ्यावरची वरात' आणली. पण 'निर्माता' या पदाची जी कल्पना त्यांच्या नेमणुकीमागे होती ती आपल्या खात्यात बरीच वर्षं टिकली. हा निर्माता पैसे गुंतवणारा शेठ नव्हता. तो पगारी माणूस होता. लेखक शोधायचा, त्याच्याकडून संहिता लिहून घ्यायची, ती कॅमेऱ्याला मानवेल अशी बसवायची, नट निवडायचे आणि प्रसारणाच्या वेळेला कार्यक्रम तयार ठेवायचा, हे त्याचं काम. त्याला नफ्याची घाई नव्हती आणि जाहिरातदाराचा फोनही येत नव्हता. मराठी दूरचित्रवाणीवरचा विनोद या पदानं जन्माला घातला, असं म्हटलं तर त्यात अतिशयोक्ती होणार नाही.

मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झालं. विनायक चासकरांचा 'गजरा' ज्यांनी पाहिला ती पिढी आता साठीपुढची आहे. छोटी प्रहसनं आणि त्यांना जोडणारं निवेदन एवढ्यावर तो कार्यक्रम उभा होता. पुढे रंगभूमी आणि चित्रपट गाजवणारे कितीतरी चेहरे प्रेक्षकांनी पहिल्यांदा पाहिले ते तिथंच. याकूब सईद आणि बबन प्रभू यांचा 'हास परिहास' याच काळातला. बबन प्रभू आकाशवाणीतले. 'झोपी गेलेला जागा झाला' आणि 'दिनूच्या सासूबाई राधाबाई' हे त्यांचे फार्स मराठी रंगभूमीनं डोक्यावर घेतले. याकूब सईद केंद्रात निर्माते. एकाचा हात लिहिणारा, दुसऱ्याचा उभं करणारा. दोघंही कॅमेऱ्यासमोर यायचे, म्हणून लोकांना चेहरे आठवतात. पण खरं काम कॅमेऱ्यामागचं होतं.

'चिमणराव'चं उदाहरण तर मुद्दाम आठवावं असं आहे. चिं. वि. जोशी बडोद्याला पाली भाषा शिकवत. चिमणराव, गुंड्याभाऊ, काऊ ही माणसं त्यांनी सत्तरच्या दशकाच्या कितीतरी आधी लिहिली. १९४० मध्ये 'लग्न पाहावं करून' या चित्रपटात ती पडद्यावर येऊनही गेली होती. सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात याकूब सईद आणि विजया जोगळेकर यांनी ती पुन्हा हाती घेतली. दिलीप प्रभावळकर चिमणराव झाले, बाळ कर्वे गुंड्याभाऊ. स्टुडिओ वरळीचा, चित्र कृष्णधवल, नेपथ्य साधं. पण निर्मात्यांनी एक गोष्ट अचूक धरली: जोशींचा विनोद एका विशिष्ट घराचा आहे. त्या घरातलं बोलणं, पाहुणचार, काटकसर, भित्रेपणा, लग्न जमवतानाची धांदल हे सगळं सांभाळलं तर हसू आपोआप येतं. बाळ कर्व्यांना लोक पुढे आयुष्यभर गुंड्याभाऊ म्हणूनच ओळखत राहिले. आणि प्रभावळकरांनी चिमणरावानंतर काय केलं? त्यांनी स्वतः लेखणी हातात घेतली. त्यांच्या 'अनुदिनी'वरून केदार शिंदे यांनी 'श्रीयुत गंगाधर टिपरे' ही मालिका केली. २००१ मध्ये ती अल्फा मराठीवर सुरू झाली आणि आजोबांची रोजनिशी घराघरांत पाठ झाली. सरकारी स्टुडिओत एका चांगल्या संहितेवर घडलेला नट पंचवीस वर्षांनी दुसऱ्या मालिकेचा मूळ लेखक ठरतो. कारकीर्द अशीच घडत जाते, आणि तिची सुरुवात कुणीतरी दिलेल्या संधीनं होते.

आता खासगी निर्मितीकडे येऊ. गौतम आणि मार्कंड अधिकारी हे दोघे मराठी भाऊ. 'बंदिनी'सारख्या मराठी मालिकेतून दूरदर्शनवर आलेल्या या भावांनी १९९४ मध्ये दूरदर्शनच्याच पडद्यावर 'श्रीमान श्रीमती' आणली. शेजाऱ्याच्या बायकोचं कौतुक करणारे दोन नवरे एवढाच तिचा ऐवज. रीमा लागू, राकेश बेदी, जतीन कनाकिया, अर्चना पुरणसिंग ही नावं देशभरात ओळखीची झाली. लिहिलं कुणी, असं विचारलं तर मात्र दहापैकी नऊ जण गप्प होतात. लिहिलं होतं अशोक पाटोळे यांनी. 'आई रिटायर होतेय' हे नाटक लिहिणारे तेच पाटोळे. ज्यानं मराठी मध्यमवर्गीय आईला घरकामातून निवृत्ती घ्यायला लावून सगळं घर अस्वस्थ केलं, त्याच माणसानं हिंदी पट्ट्याला वर्षानुवर्षं हसवलं. पाटोळ्यांना पुरस्कार मिळाले असतील, मानधन मिळालं असेल. पण दूरचित्रवाणीवरचा विनोदी लेखक ही स्वतंत्र, नाव घेण्याजोगी कारकीर्द आहे, हे आपल्या समाजानं मान्य केलं नाही. नटाचा सत्कार होतो, लेखकाचं नाव श्रेयनामावलीत धावत जातं.

अधिकारी बंधूंनी पुढे स्वतःची वाहिनी काढली. तिच्या नावात त्यांच्याच कंपनीची आद्याक्षरं होती: सब. ती विनोदाची वाहिनी म्हणून ओळखली गेली आणि नंतर सोनीकडे गेली. या वाहिनीचा धागा खान्देशाच्या वेशीशी येऊन मिळतो. त्याआधी बोलीविषयी थोडं सांगायला हवं.

मालवणी बोली आज मराठी विनोदाची हक्काची बोली मानली जाते. १९८० पूर्वी ती तशी नव्हती. गंगाराम गवाणकरांनी 'वस्त्रहरण' लिहिलं, मच्छिंद्र कांबळी तात्या सरपंच म्हणून उभे राहिले, आणि सुरुवातीला प्रयोगांना गर्दी होत नव्हती. पुलंनी नाटक पाहिलं आणि मोकळ्या मनानं कौतुकाचं पत्र लिहिलं. ते पत्र जाहिरातीतून लोकांपर्यंत गेलं आणि नाटक उभं राहिलं. पुढे त्याचे हजारो प्रयोग झाले, थेट लंडनपर्यंत. स्वतः पुलंचा विनोदही गावाच्या मातीतून उगवलेला आहे. अंतू बर्वा रत्नागिरीच्या बाहेर जगू शकत नाही, रावसाहेब बेळगावखेरीज दुसरीकडे कुठं शोभणार नाहीत. वऱ्हाडी बोली भारत गणेशपुरे यांच्यामुळे 'चला हवा येऊ द्या'च्या मंचावर रोजच्या ओळखीची झाली. मराठवाड्याचा ठसका मकरंद अनासपुरे यांनी पडद्यावर नेला. कोल्हापूर-साताऱ्याचं रांगडं बोलणं तर चित्रपटात दादा कोंडके यांच्याही आधीपासून आहे. 'महाराष्ट्राची हास्यजत्रा' २०१८ च्या ऑगस्टमध्ये सोनी मराठीवर सुरू झाली. तिथं गौरव मोरे पवईच्या फिल्टरपाड्याचा अभिमान मिरवायचा, प्रभाकर मोरे कोकणी गृहस्थाला घेऊन येतात.

खान्देश कुठं आहे?

२०११ च्या जनगणनेत आपली मातृभाषा खान्देशी असं सांगणारे लोक १८ लाख ६० हजार होते. त्यांतले बहुसंख्य अहिराणी बोलणारे. आमच्या जामनेर, भुसावळ, यावल, रावेर भागातली तावडी आणि लेवा बोली बोलणारे जनगणनेत बहुतेक मराठीतच मोजले जातात, म्हणजे खरा आकडा याहून मोठा. एवढ्या लोकांचं हसणं मराठी दूरचित्रवाणीवर जवळजवळ नाही. असलंच तर एखाद्या पात्राच्या तोंडी दोन अहिराणी वाक्यं येतात, केळ्याला 'केयं' म्हटलं जातं, प्रेक्षक हसतात आणि प्रवेश संपतो. उच्चारावरचं हे हसू बाहेरच्या माणसाचं आहे. घरातला माणूस उच्चाराला हसत नाही. त्याच्या कानाला तो उच्चार जाणवतही नाही. तो हसतो माणसाच्या वागण्याला.

लोक अहिराणी पाहत नाहीत, हे कारण आता टिकणारं नाही. 'हाई झुमकावाली पोर' हे अहिराणी गाणं कोट्यवधी वेळा पाहिलं गेलं आणि पुण्या-मुंबईच्या लग्नांतही वाजलं. अहिराणी विनोदी चित्रफितींचा बाजार त्याच्याही आधीपासून आहे. धुळे-जळगावच्या बाजारपेठांत त्यांच्या सीड्या एकेकाळी हातोहात विकल्या जात. प्रेक्षक आहे, नट आहेत, कॅमेरे तर प्रत्येक गावात आहेत. कमी आहे ती लेखकाला वर्षभर पोसणारी आणि निर्मात्याला पाठबळ देणारी संस्था.

आता मालेगाव. ते नाशिक जिल्ह्यात, पण धुळ्यापासून पन्नासेक किलोमीटरवर, मुंबई-आग्रा रस्त्यावर. यंत्रमागांचं गाव. तिथं शुक्रवारी माग बंद असतात आणि कामगार सिनेमाला जातात. नासिर शेख यांचं तिथं व्हिडिओ पार्लर होतं. चॅप्लिनपासून मारधाडीच्या चित्रपटांपर्यंत सगळं ते दाखवत. कोणत्या प्रसंगाला प्रेक्षक हसतात, कुठं उठून जातात, हे रोज डोळ्यांसमोर दिसत होतं. दोन व्हीसीआर जोडून फिती कापता-जोडता येतात हे त्यांच्या लक्षात आलं, आणि संकलन ते तिथंच शिकले. २००० च्या सुमारास लग्नाच्या चित्रीकरणाला वापरतात तसला साधा कॅमेरा घेऊन त्यांनी 'मालेगाव के शोले' केला. गब्बरचे डाकू घोड्यांऐवजी सायकलींवर आले. कॅमेरा वर न्यायला क्रेन नव्हती तर बैलगाडीचा उपयोग केला गेला. नट म्हणजे मागावरचे कामगार. संवाद फरोग जाफरींसारख्या स्थानिक लेखकांचे. चित्रपट मालेगावात तुफान चालला.

पुढे 'मालेगाव का सुपरमॅन' आला. त्याच्या निर्मितीवर फैजा अहमद खान यांनी 'सुपरमेन ऑफ मालेगाव' हा माहितीपट केला आणि तो जगभरच्या महोत्सवांतून फिरला. मुख्य भूमिका करणारा शफीक शेख यंत्रमाग कामगार. तोंडाच्या कर्करोगानं तो अकाली गेला. त्यानं साकारलेला सुपरमॅन गावातल्या घाणीशी आणि गुटख्याशी लढतो, हे माहीत असलं की त्या विनोदाचं वजन कळतं. २०२५ च्या फेब्रुवारीत रीमा कागती यांचा 'सुपरबॉइज ऑफ मालेगाव' प्रदर्शित झाला, वरुण ग्रोवर यांनी लिहिलेला. त्यात दिग्दर्शकाच्या बरोबरीनं लेखकाच्या उपेक्षेलाही जागा मिळाली आहे, याचा आनंद वाटतो.

आणि दूरचित्रवाणी? नासिर शेख यांनी 'मालेगाव का चिंटू' ही विनोदी मालिका केली, ती दाखवली सब वाहिनीनं. अधिकारी बंधूंनी स्थापन केलेली तीच सब. तालुक्याच्या गावातला, कोणत्याही संस्थेत न शिकलेला माणूस स्वतःच्या गावातल्या नटांना घेऊन राष्ट्रीय वाहिनीवर विनोदी मालिका करतो, हे आपल्या डोळ्यांसमोर घडलं. ते घडवणारी वाहिनी हिंदी होती, मराठी नव्हती. वरळीच्या केंद्राला मालेगाव दिल्लीपेक्षा किती जवळ आहे, याचा विचार आपण जरूर करावा.

खान्देशात लिहिण्यासारखं काय आहे, असा प्रश्न कुणी केला तर त्याला आखाजीला इकडे बोलवावं. अक्षय्य तृतीयेला सासरी गेलेल्या मुली माहेरी येतात, झाडांना झोके बांधले जातात, गौराई बसते आणि झोक्यावर जी गाणी सुरू होतात त्यांत सासू, नणंद, दीर, नवरा कुणाचीच सुटका नसते. ही गाणी रचणाऱ्या बाया लिहिता-वाचता येत नसतानाही विनोदी लेखिका आहेत. टोमणा किती ताणायचा आणि कुठं सोडायचा हे त्यांना नेमकं कळतं. वहीगायन आहे, डफाच्या साथीवर आख्यान रंगवताना मध्येच समोर बसलेल्या माणसाचं नाव घेऊन त्याची फिरकी घेणारं. तमाशाचा सोंगाड्या आहे. भिका-भीमा सांगवीकरांच्या फडाची आठवण जुनी माणसं अजून काढतात; तिथल्या बतावणीला लिहिलेली संहिता नसे आणि प्रत्येक गावात ती नवी होई. बहिणाबाईंच्या ओव्यांमध्येही संसाराकडे पाहून हसण्याची ताकद आहे. हे सगळं लोककलेच्या कार्यक्रमात, 'आपली संस्कृती' म्हणून, फेटे बांधून सादर होतं. त्यातला विनोद उचलून आजच्या घरात, आजच्या दुकानात आणण्याचं काम उरलं आहे.

त्यासाठी प्रसंगांची वाण नाही. थंडीत शेतात भरीत पार्टी ठरते. वांगी कुणाच्या मळ्यातली, काड्यांवर भाजायची की तुराट्यांवर, कळण्याच्या भाकरी कुणाकडून करून आणायच्या, तिखट किती टाकायचं आणि पार्टीला कुणाला बोलवायचं नाही, यावर दोन भाग सहज निघतील. कापूस वेचून झाल्यावर खेडा खरेदीला व्यापारी काटा घेऊन दारात येतो. त्या काट्याभोवती शेतकरी, शेतकऱ्याची बायको, मुंबईहून सुट्टीला आलेला मुलगा आणि व्यापारी यांच्यात जे बोलणं होतं त्यात नाट्य भरलेलं आहे. पहूरसारख्या गावात दोन ग्रामपंचायती असणं ही तर विनोदी मालिकेला मिळालेली आयती मांडणी आहे: रस्त्यावरचा खड्डा नेमका कुणाच्या हद्दीत? शिवाय अजिंठ्याला निघालेले परदेशी पाहुणे चहाला थांबतात, तेव्हा होणारं खाणाखुणांचं संभाषण वेगळंच.

आणि पीजे. पाचोरा-जामनेर ही ५६ किलोमीटरची अरुंद रुळांची गाडी शंभर वर्षं शेंदुर्णी, पहूर अशी गावं जोडत धावली. २०२० च्या टाळेबंदीत ती थांबली आणि आता त्या मार्गाच्या रुंदीकरणाची वाट पाहिली जाते. तिच्या डब्यात विद्यार्थी, भाजीवाल्या, मास्तर, वकिलाकडे तारखेला निघालेले भाऊबंद सगळे समोरासमोर बसत. गाडी इतकी सावकाश की वाद पाचोऱ्याला सुरू झाला तरी जामनेरला पोचेपर्यंत समेटाला वेळ मिळे. त्या डब्यात घडणारी मालिका कुणी लिहिली नाही, ही मोठी हानी आहे. गाडी बंद झाली तरी त्यातून प्रवास केलेली माणसं अजून आहेत; त्यांच्या आठवणी लिहून घेणारा लेखक आज हवा, दहा वर्षांनी नको.

एका गावावर, एका बोलीवर किती काळ विनोद चालेल, ही शंका वाहिन्यांच्या बैठकीत निघतेच. तिला इंग्लंडचं उत्तर आहे. बीबीसीनं १९६१ मध्ये 'कॉमेडी प्लेहाऊस' नावाची मालिका सुरू केली. तिचा प्रत्येक भाग स्वतंत्र, नवी पात्रं, नवी कथा. जो भाग लोकांना भावला त्याची पुढे स्वतंत्र मालिका व्हायची. भंगार गोळा करणाऱ्या बाप-लेकाची 'स्टेप्टो अँड सन' अशीच निघाली. १९७३ च्या जानेवारीत याच मालिकेत रॉय क्लार्क यांचा एक भाग दाखवला गेला. यॉर्कशायरमधलं होमफर्थ हे लोकरीच्या गिरण्यांचं छोटं गाव, आणि त्यात रिकामपणी टेकड्या तुडवणारी तीन उतारवयातली माणसं. 'लास्ट ऑफ द समर वाइन' या नावानं ती मालिका २०१० पर्यंत चालली: ३१ पर्वं, २९५ भाग, सगळेच्या सगळे रॉय क्लार्क यांनी एकट्यानं लिहिलेले. लेखक होण्याआधी क्लार्क यांनी शिक्षकी केली होती, पोलिसातही काम केलं होतं. लंडनच्या उच्चारात न बोलणाऱ्या तीन म्हाताऱ्यांना सदतीस वर्षं प्रेक्षक मिळाले आणि होमफर्थला पर्यटक येऊ लागले. पारावर बसणारी तीन माणसं तर आपल्याकडे प्रत्येक गावात आहेत. त्यांच्यासाठी एखादा रॉय क्लार्क जळगाव जिल्ह्यातल्या कुठल्यातरी शाळेत आज मुलांना शिकवत असेल, कुठल्यातरी पोलीस ठाण्यात फिर्याद लिहून घेत असेल. त्याला विचारायला कुणी गेलेलं नाही.

सह्याद्रीनं हेच करावं. आधी तेरा सुटे भाग, तेरा वेगवेगळ्या लेखकांचे. जळगाव, धुळे आणि नंदुरबार या तीन जिल्ह्यांतून संहिता मागवाव्यात, अहिराणी, तावडी, लेवा गणबोली आणि सातपुड्यातल्या बोलीही चालतील असं जाहिरातीतच लिहावं. तेरांपैकी जे दोन-तीन भाग लोकांना आवडतील त्यांच्या मालिका व्हाव्यात. संहिता निवडताना मुंबईचे परीक्षक असोत, पण बोली तपासायला, म्हणजे खरं तर पुस्तकी मराठी संहितेत घुसू नये म्हणून, इकडचा माणूस हवा. चित्रीकरण इकडेच व्हावं. वरळीच्या स्टुडिओत उभारलेल्या ओट्यावर बसून कुणी खान्देशी माणूस खान्देशी वागणार नाही.

पैशाची बाजूही मांडायला हवी. आठवड्याला ताजा विनोद लिहिणं म्हणजे काय असतं ते 'हास्यजत्रे'कडे पाहून कळतं. सचिन गोस्वामी आणि सचिन मोटे या जोडीनं लेखन, दिग्दर्शन आणि निर्मिती एका छताखाली आणली. समीर चौघुले, प्रसाद खांडेकर यांच्यासारखे नट स्वतः लिहितात. वर्षानुवर्षं एवढा मजकूर पुरवायचा तर लिहिणाऱ्यांचा गट लागतो, त्यांना महिन्याच्या महिन्याला मानधन लागतं आणि पडलेलं प्रहसन फेकून देण्याची मोकळीक लागते. खान्देशातल्या होतकरू लेखकाला मुंबईत खोली भाड्यानं घेऊन ही वाट पाहणं परवडत नाही. तो चार वर्षं खेपा घालतो आणि परत येऊन दुकान सांभाळतो. म्हणून लेखकांचा गट जळगावलाच बसवावा. आकाशवाणीचं केंद्र तिथं आहे, त्याच्या इमारतीत एक खोली आणि एक पगारी निर्माता एवढं दिलं तरी काम सुरू होईल. तो निर्माता कंत्राटी, अकरा महिन्यांचा नको. याकूब सईद किंवा विनायक चासकर अकरा महिन्यांच्या करारावर घडले नसते.

लेखकाच्या हक्काचं कलम करारात स्पष्ट असावं. संहितेचा हक्क लेखकाकडे राहावा, पुनःप्रसारणाचं मानधन त्याला मिळावं, आणि श्रेयनामावलीत त्याचं नाव वाचता येईल इतका वेळ थांबावं. पाटोळ्यांच्या बाबतीत जे झालं ते पुढच्या पिढीच्या वाट्याला येऊ नये.

एक विनंती जुन्या फितींविषयी. फिती महाग होत्या त्या काळात त्या पुसून पुन्हा वापरण्याची पद्धत जगभर होती. बीबीसीनंही आपले कित्येक विनोदी कार्यक्रम असेच गमावले आहेत. आपल्याकडे 'गजरा', 'हास परिहास', 'चिमणराव' यांचं जे काही शिल्लक असेल ते स्वच्छ करून, लेखक-निर्मात्यांच्या नावानिशी सगळ्यांसाठी खुलं करावं. नव्यानं लिहू पाहणाऱ्या मुलाला विनोदाची बांधणी शिकण्यासाठी याहून चांगली शाळा नाही. खान्देशातल्या कोणत्याही महाविद्यालयानं अभ्यासासाठी ते मागितलं तर नाही म्हणू नये.

या कामात इकडून काय मिळेल, तेही सांगायला हवं. चित्रीकरणाला गावं मिळतील, घरं मिळतील, राहण्या-जेवणाची सोय लोक आनंदानं करतील. जळगाव आणि धुळ्याच्या हौशी नाट्यसंस्था राज्य नाट्य स्पर्धेत वर्षानुवर्षं उतरतात. त्यांच्याकडे तयार नट आहेत, दिग्दर्शक आहेत, प्रकाशयोजना करणारे आहेत. कवयित्री बहिणाबाई चौधरी उत्तर महाराष्ट्र विद्यापीठात मराठीचे आणि बोलींचे अभ्यासक आहेत. केंद्रानं पहिलं पाऊल टाकलं की ही सगळी माणसं पुढे येतील.

संहितावाचनाची पहिली बैठक आखाजीच्या आठवड्यात ठेवावी, अशी सूचना आहे. एप्रिल-मेमध्ये शेतीची कामं उरकलेली असतात, शाळांना सुट्ट्या लागलेल्या असतात, नोकरीसाठी सुरत, पुणे, मुंबई गाठलेली मुलं गावी आलेली असतात आणि लेकी माहेरी असतात. बैठक पहूर, शेंदुर्णी किंवा जामनेरला घेतली तर जळगाव, धुळे, चाळीसगाव, भुसावळ सगळीकडून लोकांना एसटीनं सकाळी येऊन संध्याकाळी परतता येईल. जाहिरात फेब्रुवारीत निघाली तर लिहिणाऱ्यांना दोन महिने मिळतील. उत्तराची वाट पाहत आहोत.

आपले,
पहूर, ता. जामनेर, जि. जळगाव येथील प्रेक्षक